कडेचा माणूस

एका राज्यात अग्नीच गोठला होता. चुलीत ज्वाळा दिसे, पण निळी. तिच्यावर हात धरावा तर बोटे बधिर व्हावीत. खोटे म्हणाल तर म्हणा, सांगणाऱ्याचे काय जाते!

हा शाप कापालिक हिमकेतूचा. राजाच्या पावलांतून गारठा वर चढत होता. काळजाला भिडला की राजा दगड होणार आणि राज्य हिमकेतूचे. राजकन्या मृगांकेने बापाचे पाय चाचपले. गुडघेही गारठून गेले होते.

खिडकीत टिटवी बसली. म्हणाली, "तीन मुलखांत लोक आगीवाचून हिवाळा काढतात. त्यांना विचार. मागे पाहू नकोस; तो कापालिक तुझ्यामागून येईल."

मृगांका निघाली. मागे हिम करकरे. ती थांबली की तेही थांबे.

डोंगरातले लोक गोठ्यावरच्या माळ्यावर, गुरांच्या उबेत निजत. त्यांनी गाय दिली. वाळवंटातले लोक उन्हात तापलेली वाळू अंथरुणाखाली पसरत. त्यांनी पोतेभर वाळू दिली. सरोवरकाठचे लोक एका ओळीत, अंगाला अंग लावून निजत. त्यांची म्हातारी म्हणाली, "मी हाक दिली की कडेचा मध्ये येतो, पोरी. मग तो कुणी का असेना. एकाला वगळलं, तर गारठा तिथूनच शिरतो."

गाय आणि वाळू राजाच्या पलंगाखाली गेली. गारठा छातीशी अडला, पण उतरेना. मृगांकेने सगळ्यांना राजाला खेटून निजायला सांगितले; पण त्या राज्याची रीत अशी, की राजाच्या शय्येला कुणी शिवायचे नाही.

"राजकन्ये, मर्यादा," प्रधान म्हणाला.

"मर्यादेनंच बाबा गारठले, प्रधानजी. व्हा आडवे."

सांजेला राजाला जमिनीवर मधोमध निजवले. दोन्ही बाजूंना प्रधान, दासी, घोड्यांचा मोतद्दार. कडेला मृगांका.

इतक्यात तिच्या पाठीला एक पाठ टेकली. ओली. तिच्यात श्वास नव्हता.

आता हाक द्यावी, तर हा बापाच्या कुशीत येणार. न द्यावी, तर गारठा आहेच.

"कडेच्या," ती म्हणाली, "आत ये."

तो एकेकाच्या अंगावरून सरपटत गेला. कुणी हलले नाही. राजाशेजारी तो आडवा झाला, आणि दोन्हीकडून माणसांची ऊब लागताच त्याचे दात वाजू लागले. ज्याला थंडी वाजते, तो थंडीचा धनी कसला? शाप तिथेच फुटला. चुली तांबड्या झाल्या, राजाने गुडघा दुमडला.

"घोंगडी आहे का?" हिमकेतूने विचारले.

घोंगडी मिळाली, शिक्षाही मिळाली. राजवाड्यातली पहिली चूल रोज त्यानेच पेटवायची. ठिणगी उडाली की अजूनही तो डोळे घट्ट मिटून घेतो.