कुमुदवतीचा शेवटचा बाजार

फार पूर्वी चंपकनगरीत वज्रबाहू राजा राज्य करीत असताना बोधिसत्त्वाने तांडेवाल्यांच्या कुळात जन्म घेतला, आणि वयात आल्यावर तो साठ बैलांच्या तांड्याचा नायक झाला.

नगरीबाहेर एक खिंड होती. तिच्या अलीकडे आणि पलीकडे जमीन एकच, काळ मात्र वेगळा. आत शिरून सात दिवस चालले की माणूस शंभर वर्षे मागे निघे. चंपकनगरीचा सगळा थाट याच वाटेवर उभा होता. इकडचे मीठ तिकडे द्यायचे आणि तिकडची घोंगडी, चंदन, हस्तिदंत इकडे आणायचे.

या वाटेचे दोन दंडक होते. शंभर वर्षांपूर्वी कोणते गाव कधी बुडाले, कोणते कधी जळाले, हे वडीलधाऱ्यांनी पाठ करून ठेवले होते. ज्या गावाचा उद्या नाश व्हायचा त्याच गावी आज तांडा न्यायचा. तिथला माल उचलला तर आपल्या काळात कोणाचे काही कमी होत नाही, असे त्यांचे म्हणणे. उद्या मरणाऱ्याच्या अंगावरचे घोंगडे आज काढून आणायचे आणि त्याला व्यापार म्हणायचे! असले ते शहाणपण.

दुसरा दंडक बोलण्याचा. तिकडे उद्याचे कोणी काही सांगायचे नाही. सांगितले की खिंड मिटते, आणि साऱ्या तांड्याची बायकापोरे जन्मलेलीच नसतात, अशी सगळ्यांची समजूत. म्हणून बाजारात शिरताना प्रत्येकाने अख्खी सुपारी गालात धरायची. सौदा रुमालाखाली, बोटांनी.

नायक म्हणून बोधिसत्त्वाची ती पहिलीच फेरी. गाव होते कुमुदवती, खिंडीच्या तोंडापासून हाकेच्या अंतरावर. गावावरच्या डोंगरातला तलाव दुसऱ्या दिवशी सूर्य वर आल्यावर फुटणार होता.

बाजारात वेलाक्का नावाची घोंगडी विणणारी बाई बसली होती. तांड्यातले सगळे मुके पाहून ती मोठ्याने म्हणाली, "काय रे, तुमच्या गावात जिभा कापून पाठवतात का?" बाजार हसला. बोधिसत्त्व तिच्यासमोर बसला आणि रुमाल पसरला. पाच घोंगड्यांना एक गोणी मीठ, असे बोटांनी ठरले. पण बाईने त्याचा हात सोडला नाही. तिने आपल्या निळ्या काठाकडे मान केली आणि रुमालाखाली तीन बोटे दाबली. म्हणजे आजपासून तिसऱ्या बाजाराला नीळ आण, असा अर्थ.

"लेकीचं लगीन आहे," ती म्हणाली. "नीळ नसली तर लुगडं पांढरंच राहील. दाब की बोट! हो की नाही?"

आजवर प्रत्येक नायकाने अशा वेळी 'हो' चे बोट दाबले होते. बोधिसत्त्वाला ते दाबता येईना. तो उठला आणि तांड्यातल्या कुंभिल नावाच्या जुन्या सोबत्याला त्याने वेशीबाहेर नेले. तिथे त्याने सुपारी थुंकली.

कुंभिल घाबरला. "नायक, हे काय केलंत!"

"मी यांना सांगणार आहे."

"कोणाला? यांना मरून शंभर वर्षं झाली!"

"तिचा हात गरम होता, कुंभिल."

"माझी सहा पोरं आहेत घरी. तुमची लेक आहे. ती नसलीच तर?"

बोधिसत्त्वाने वळून खिंडीकडे पाहिले. लेकीचे तोंड डोळ्यांपुढून जाईना. मग तो म्हणाला, "तू सगळ्या माणसांना घेऊन आत्ता निघ. तुम्ही खिंडीत शिरलात की मग मी बोलेन. मिटली तर ती तुमच्या पाठीमागे मिटेल, अडकेन तो मी."

"बैल तरी नेऊ द्या!"

"बैल मला लागतील."

कुंभिल कपाळ बडवीत माणसांना घेऊन गेला. ती सगळी खिंडीत दिसेनाशी झाल्यावर बोधिसत्त्व बाजाराच्या मधोमध उभा राहिला आणि म्हणाला, "तलाव उद्या सकाळी फुटणार. गाव सोडा, समोरच्या टेकडीवर चढा."

लोक खदखदून हसले. एक तेली म्हणाला, "मुक्याला वाचा फुटली रे! आम्ही पळायचं आणि यानं घरं धुऊन न्यायची, होय ना?"

बोधिसत्त्वाने वाद घातला नाही. त्याने सुरी काढली, एकेक गोणी फाडली आणि तांड्याचे सगळे मीठ भर रस्त्यात ओतले. साठही बैल रिकामे केले. "यांवर म्हातारी माणसं आणि लेकरं बसवा. मी काही नेत नाही. तुमच्याबरोबर टेकडीवरच राहीन."

वेलाक्का उठली. तिने पायाखालचे मीठ उचलून चाखले. "खरं मीठ आहे," ती म्हणाली. "एवढं मीठ ओतणारा चोर मी तरी पाहिला नाही." मग ती तेल्याकडे वळली. "बघतोस काय मेल्या? तुझ्या आईला उचल आधी!"

दिवस मावळायच्या आत गाव टेकडीवर होते. सकाळी तलाव फुटला. घरे गेली, बाजार गेला. माणूस एकही गेले नाही. खाली चिखलाचे पाणी पाहत वेलाक्का म्हणाली, "नीळ राहिली, नायका. लेक राहिली ना, बास झालं." आणि पदर तोंडाला लावून रडली.

बोधिसत्त्व रिकामे बैल घेऊन जड पायांनी खिंडीकडे गेला. खिंड उघडी होती. सात दिवस तो चालला, आणि प्रत्येक दिवशी त्याला वाटले, आता मिटेल. बाहेर पडला तर तोंडाशी कुंभिल आणि सगळी माणसे बसलेली. घरी जायची एकाचीही छाती झाली नव्हती.

"नायक, कुमुदवतीसमोरची ती टेकडी बघा," कुंभिल म्हणाला. "आपण गेलो तेव्हा बोडकी होती. आता तिच्यावर घरं आहेत!"

तेवढ्यात टेकडीवरून ताकाचे मडके घेऊन एक बाई उतरली. "उन्हात काय बसलात मढ्यासारखे? पोरं रोज वाटेकडे डोळे लावून बसतात तिकडे!"

तेव्हा ते धावले. चंपकनगरी होती तिथेच होती. कुंभिलची सहाही पोरे अंगणात भांडत होती. बोधिसत्त्वाची लेक दारातून ओरडली, "बाबा, बैलांवर माल कुठाय?" त्याने तिला उचलून घेतले. घरोघर पाहिले, कोणी कमी झाले नव्हते. उलट कुमुदवतीकरांच्या नातवंडा-पतवंडांनी माणसे वाढली होती. बोलल्यावर खिंड मिटते हे कोणी पाहिलेच नव्हते, कारण आजवर कोणी बोललेच नव्हते.

बंधाऱ्याला तडा गेलेला पाहूनही 'आपल्याला काय' म्हणून गप्प राहिलेल्या एका भिक्खूला समोर बसवून शास्त्यांनी, म्हणजे बुद्धांनी, ही कथा सांगितली, आणि मागच्या जन्माचा या जन्माशी मेळ घातला तो असा: त्या वेळचा कुंभिल म्हणजे हा भिक्खू सोणक; वेलाक्का म्हणजे विहारात भाजी निवडता निवडता सगळ्यांना तोंडावर सुनावणारी उपासिका खेमिका; कुमुदवतीचे लोक म्हणजे ही जमलेली परिषद; आणि तांड्याचा नायक मीच होतो. ज्याचा जीव वाचणार आहे त्याला वेळेवर खरे सांगणे, मग त्यात आपले काहीही जावो, हीच सत्यपारमिता, सत्याची पराकाष्ठा.