शेवटच्या धड्याला स्थगिती

डोंगराच्या पायथ्याशी एक जंगल होते आणि त्या जंगलात बेहड्याच्या झाडावर एक खार राहत असे. तिला एकच पिल्लू. मागच्या वर्षीची दोन्ही पिल्ले ससाण्याने उचलून नेली होती, म्हणून हे पिल्लू जरा नजरेआड झाले की खार त्याला शोधत झाडभर धावे. तुम्ही म्हणाल, आईला काळजी असतेच. असते हो, पण ही बिचारी काळजी करून करून दमून गेली होती.

त्या जंगलात पिल्लांसाठी एक विद्यापीठ होते. फळे ओळखणे, फांदीवरून उडी मारणे असले धडे कोणीही शिक्षक देत. पण ससाण्याची सावली जमिनीवर दिसताच बिळात नाहीतर ढोलीत कसे पळायचे, हा शेवटचा धडा मात्र कुलगुरूंनीच द्यायचा, अशी तिथली चाल होती. आईबापांनीसुद्धा तो घरी शिकवायचा नाही. आता कुलगुरू कासव म्हातारे होऊन पदावरून उतरले. नियम असा, की पाच जाणत्यांनी बसून तीन नावे काढायची आणि त्यातले एक सिंहमहाराजांनी निवडायचे. पण पाचांतले साळिंदर आयत्या वेळी आजारी पडले. मग चौघांनीच नावे काढली आणि महाराजांनी मुंगसाला निवडले. मुंगूस कामाला वाघ. त्याने पहिल्या आठ दिवसांतच सगळ्या पिल्लांना शेवटचा धडा देऊन टाकला. खारीला वाटले, सुटलो एकदाचे!

पण कुठले सुटतेय! यादीत दुसरे नाव घोरपडीचे होते, आणि एकदा धरले की सोडायचे नाही हा तर घोरपडीचा स्वभावच. ती न्यायाधीश हत्तीकडे गेली. "साहेब, पाच हवे होते, चारच बसले. ही निवड खोटी!"

मुंगूस फिस्कारले, "त्याच चौघांनी तुझंही नाव काढलं होतं ना? तेव्हा मोजायला येत नव्हतं वाटतं?"

"तेव्हा मला वाटलं होतं, मीच होणार," घोरपड म्हणाली.

हत्तीने कान हलवले. "प्रश्न गहन आहे. निकाल लागेपर्यंत मुंगसाने कुलगुरूचं काम करू नये. त्याने दिलेला धडाही तोवर धरू नये. पुढची तारीख पौर्णिमेला."

हत्तीचा कारकून होता पोपट. तो झाडाझाडावर ओरडत गेला, "शेवटच्या धड्याला स्थगिती! कोणी वापरू नये हो, कोणी वापरू नये!"

पौर्णिमा आली, अमावास्या आली, पुन्हा पौर्णिमा आली. कधी साळिंदर साक्षीला आले नाही, कधी हत्तीला नदीवर जायचे होते. खार दर तारखेला पिल्लाला पाठीशी घेऊन हत्तीच्या न्यायाच्या मैदानात येई आणि तशीच परत जाई. पाचव्या तारखेला मात्र तिला राहवले नाही. ती पुढे झाली. "साहेब, गादीवर कोण बसायचं ते बसू दे. माझ्या लेकराला तेवढा धडा मोकळा करून द्या."

हत्तीने खाली वाकून पाहिले. "तू मुंगसाच्या बाजूची, की घोरपडीच्या?"

"मी कुणाच्याच नाही. मी याची आई आहे."

"मग तुझं या खटल्यात काही काम नाही. मागे बस."

खार मागे जाऊन बसली. 

सहाव्या तारखेला चौघे पुरे की पाचच हवेत यावर मुंगूस आणि घोरपड तावातावाने भांडत होते, तेवढ्यात गवतावरून एक काळी सावली सरकली. ससाणा! क्षणात मुंगूस आणि घोरपड एकाच बिळात घुसले, एकमेकांना ढकलत. खारीच्या पिल्लालाही सावली दिसली. धडा त्याला चांगला आठवत होता. पण ते सांगितलेले ऐकणारे पिल्लू. ते तिथेच उभे राहिले आणि मान वर करून विचारू लागले, "पोपटकाका, पळू का? का अजून स्थगिती आहे?"

पोपटकाका केव्हाच पानांत दडले होते. खारीने झेप घेतली, पिल्लाला घट्ट धरले आणि त्याच्यासकट गडगडत हत्तीच्या पोटाखाली गेली. ससाण्याच्या पंजात पिल्लाची अर्धी शेपटी राहिली.

हत्तीला ससाण्याचे काय भय! तो म्हणाला, "गोंधळ फार झाला. आजचं काम तहकूब. पुढची तारीख अमावास्येला."

"घ्या तुमची तारीख," खार हळूच म्हणाली. रागवायचेही त्राण तिच्यात नव्हते. "आम्ही नाही येत आता."

दुसऱ्या दिवशी सकाळी तिने सागाचे एक रुंद पान तोंडात धरले आणि ती फांदीवरून धावू लागली. खाली गवतावर पानाची सावली पळाली. ती ओरडली, "चिक्! पळ!"

पिल्लू घुटमळले. "आई, पण घरी शिकलेलं धरतील का गं?"

"ससाणा विचारत नाही बाळा, कोणी शिकवलं ते. पळ!"

दिवसातून वीस वेळा ती फांदीवरून धावली. पाय भरून आले, तरी धावली. आठव्या दिवशी ती फांदीवर शेंगा सोलत बसली होती आणि पिल्लू खाली गवतात खेळत होते. खरीच सावली गवतावर उतरली. खारीने ओरडायला तोंड उघडले आणि खाली पाहिले, तर गवत रिकामे. पिल्लू ढोलीत पोचलेसुद्धा होते.

तात्पर्य : गादी कोणाची हा वाद कितीही दिवस चालेल, पण लेकराचे शिकायचे वय आणि त्याच्यावरचे संकट तेवढे दिवस थांबत नाहीत.