झाकलेला गाल

एकदा एका नामवंत छायालेखकाच्या शिष्याला स्वतंत्रपणे चित्रपट चित्रित करण्याची पहिली संधी मिळाली. गुरूंची ख्याती अशी, की त्यांच्या नायिकेचा अर्धा चेहरा उजेडात आणि अर्धा काळोखात असे. जाणकार त्या काळोखावर व्याख्याने झोडत. शिष्याने वर्षानुवर्षे गुरूंचे दिवे उचलले होते आणि तो काळोख अगदी घोटून घेतला होता.

मुहूर्ताला न्यायालयाचा प्रसंग ठरला. सासरच्यांनी जाळलेली सून साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभी राहते आणि पदर सारून भाजलेला गाल भर कोर्टात दाखवते. तो गाल रंगवण्यात रंगभूषाकाराची सकाळ गेली होती. अभिनेत्रीने बिचकत विचारले, "दादा, गाल नीट दिसेल ना?"

"फ्रेम बघाल तर खूश व्हाल," असे म्हणून शिष्याने नेमका तोच गाल काळोखात ठेवला.

नारळ फोडायला आलेल्या गुरूंनी मॉनिटरमध्ये डोकावून पाहिले. कोपऱ्यातला पांढरा थर्माकोल उचलून ते पिंजऱ्याशी जाऊन उभे राहिले आणि दिव्याचा उजेड त्यांनी त्या गालावर परतवला. काळोख नाहीसा झाला.

शिष्याच्या तळपायाची आग मस्तकात गेली. ज्यांना देव मानले, त्यांनीच पहिल्या दिवशी चारचौघांत अब्रू घ्यावी?

"अण्णा, बाजूला व्हा!" तो ओरडला. "जन्मभर तुम्ही हेच केलंत, तेव्हा ती कला! मी केलं की लगेच थर्माकोल? माझं नाव होईल म्हणून पोटात दुखतंय तुमच्या!"

गुरूही संतापले, पण त्यांनी थर्माकोल सोडला नाही.

"मूर्खा, माझ्या पहिल्या नायिकेच्या गालावर खरा डाग होता. स्टोव्हच्या भडक्यानं पडलेला. 'एवढा गाल दाखवू नका' म्हणून तिनं हात जोडले, तेव्हा मी दिवा सरकवला. लोक त्याला शैली म्हणाले. अरे, तिला लपवायचं होतं, हिला दाखवायचंय! ज्यांनी जाळलं त्यांच्यासमोर ही पदर काढते आणि तू तो पुन्हा हिच्या तोंडावर ओढतोस? हा गाल दिसेल का, असं कुणीच विचारलं नाही तुला?"

शिष्य उसळून उत्तर द्यायला गेला आणि थबकला. विचारले होते. तिनेच विचारले होते आणि त्याने धड ऐकूनही घेतले नव्हते. राग होता तेवढाच राहिला, पण आता तो त्याचा स्वतःवरच होता.

त्याने पुढे होऊन गुरूंच्या हातातून थर्माकोल घेतला आणि अभिनेत्रीला विचारले, "ताई, कुठवर दिसायला हवा?"

तिने पदर सारला आणि हनुवटीखाली बोट टेकवले. "इथवर."

त्याने उजेड तिथवर आणला. मग गुरूंनी नारळ फोडला.