साठ पळांची घटका

फार फार वर्षांपूर्वीची गोष्ट. नगर आटपाट होतं की नाही ते मला ठाऊक नाही, मी काही ते मोजायला गेलो नव्हतो. पण नगराला राजा होता, आणि नगरापासून दोन दिवसांच्या वाटेवर डोंगराच्या कुशीत एक गाव होतं, एवढं नक्की. गावाला तळं एक, तळ्याला पाट एक, आणि त्या एका पाटावर सगळ्या गावाचं रान. पाणी थोडं, तोंडं फार. तरी त्या गावात पाण्यावरून कधी भांडण झालं नव्हतं.

त्याचं कारण म्हाळसाक्का.

म्हाळसाक्का पाटाच्या तोंडाशी पिंपळाखाली बसायची. पुढ्यात पाण्यानं भरलेलं घंगाळ, घंगाळात तरंगणारी तांब्याची वाटी, आणि वाटीच्या बुडाला सुईच्या टोकाएवढं भोक. भोकातून पाणी हळूहळू आत यायचं, वाटी भरायची आणि डुबुक करून बुडायची. वाटी बुडाली की एक घटका झाली. मग अक्का थाळीवर टोला द्यायची, वाटी रिकामी करून पुन्हा तरंगत सोडायची, आणि पाणी पुढच्या घराच्या रानात वळायचं.

गावाची एक रीत होती. नवी सून आली की देवदर्शनाच्या आधी तिला अक्काच्या घंगाळापाशी आणायचे. अक्का तिचा हात हातात घ्यायची आणि विचारायची, "घटका म्हणजे किती, ठाऊक आहे का गं?"

सून मान हलवायची. नवी सून दुसरं काय करणार?

"मग ऐक. सहा सावकाश श्वास म्हणजे एक पळ. एक पळ झालं की अंगठा एका पेरावरून पुढच्या पेरावर. चार बोटं, बोटाला तीन पेरं, झाली बारा. बारा झाली की दुसऱ्या हाताचं एक बोट मिटायचं. पाचही बोटं मिटून मूठ झाली की साठ. साठ पळांची एक घटका. साठ घटकांचा एक दिवस, रात्र धरून. आणि साठ वर्षं झाली की वर्षांची नावं संपतात, मग पुन्हा पहिल्या नावापासून सुरुवात."

"सगळं साठच का, अक्का?"

"संसार कर, मुलंबाळं होऊ देत. वाटून द्यायची वेळ आली की आपोआप कळेल," अक्का म्हणायची आणि तिच्या हातावर गुळाचा खडा ठेवायची.

अक्काला स्वतःचं मूल नव्हतं. पण भावाची तीन पोरं होती, सुभाना, कुशाबा आणि लिंबाजी. भाऊ-भावजय एकाच साथीत गेले तेव्हा लिंबाजी रांगत होता. अक्कानं तिघांना वाढवलं, खरकटी तोंडं पुसली, धपाटे घातले, लग्नं लावली. आता तिघं बाप्ये झाले होते, पण चूल एकच होती आणि रानात मध्ये बांध नव्हता. त्यांच्या रानाला रोजची एक घटका पाणी. वीस पळं सुभानाच्या वाफ्यांना, वीस कुशाबाच्या, वीस लिंबाजीच्या. कमी नाही, जास्त नाही. अक्काचा जीव त्या तिघांत अडकला होता. ती म्हणायची, "हे तिघं एका चुलीवर जेवताहेत ना, तोवर मी सुखानं मरायला मोकळी."

आता इकडे राजवाड्यात काय झालं ते ऐका.

राजाला शंभराचं भारी वेड. शंभर हत्ती, शंभर खांबांचा महाल, जेवणाच्या पंगतीत शंभर वाट्या. एके दिवशी प्रधान म्हणाला, "महाराज, आपल्या राज्यात सगळं शंभर, पण घटका मात्र साठ पळांची. अर्धवट वाटतं. लोक म्हणतातच, साठी बुद्धी नाठी. शंभर म्हणजे कसं पूर्ण, गोल, भारदस्त."

राजा स्वभावानं वाईट नव्हता. फक्त त्यानं आयुष्यात कधी काही वाटून खाल्लं नव्हतं, म्हणून त्याला कळलं नाही. त्यानं हुकूम काढला. गावोगाव दवंडी पिटली, की आजपासून घटका शंभर पळांची, आणि जे गाव हुकूम मोडेल त्याचा पाट बंद.

शिपाई गावात आला आणि अक्काला नवी वाटी देऊन गेला. बुडायला तेवढाच वेळ लागायचा, पण आतून शंभर रेघा ओरखडलेल्या. आता गढूळ पाण्यात रेघा कुणाला दिसणार? अक्कानं श्वासांवर मोजायचं ठरवलं. पहिल्याच दिवशी तिच्या लक्षात आलं की नवं पळ साडेतीन श्वासांच्या जरा पुढे संपतं. "अर्धा श्वास घ्यायचा कसा नि वर तो 'जरा' ठेवायचा कुठे?" ती शिपायाला म्हणाली. शिपाई म्हणाला, "आजी, मी फक्त वाटी पोचवतो."

ते एक वेळ चाललं असतं. खरी पंचाईत वाटणीत झाली. शंभर पळं तिघांत कशी वाटायची? तेहतीस, तेहतीस, तेहतीस. आणि एक उरलं.

एकच पळ. तेवढ्या वेळात माणसाची नीट जांभईसुद्धा होत नाही. पहिल्या दिवशी सुभाना मोठेपणानं म्हणाला, "लिंबाजीला दे, तो धाकटा." दुसऱ्या दिवशी लिंबाजी म्हणाला, "आज दादाला." मग तिघांनी पाळी लावली, आज तू, उद्या मी, परवा हा. घरात सगळे हसले. अक्कालाही वाटलं, निभेल.

पण त्या साली पाऊस कमी झाला होता. गहू ओंबीत आला आणि तळं तळाला गेलं. एरवी ज्या पळाकडे कुणी पाहिलं नसतं, त्या पळाकडे आता तिघांचे डोळे लागले. एकदा सुभाना बाजाराला गेला, एकदा लिंबाजी सासुरवाडीला, आणि पाळी कुणाची ते कुणालाच नक्की आठवेना. कुशाबाची बायको म्हणाली, "थोरल्या भाऊजींना दोनदा मिळालं." सुभानाची बायको म्हणाली, "कोण म्हणतं?" एका संध्याकाळी घरातून दोन ठिकाणी धूर निघाला. अक्कानं पाटावरूनच पाहिलं, आणि त्या दिवशी तिला भाकरी गेली नाही.

चार दिवसांनी जे व्हायचं ते झालं. नव्व्याण्णव पळं संपली, अक्कानं थाळी वाजवली. सुभाना आपल्या वाफ्यांकडे पाणी सोडणारं दारं उघडायला वाकला. कुशाबा ओरडला, "आजचं पळ माझं आहे." सुभाना म्हणाला, "तुझं काल झालं." कुशाबाच्या हातात फावडं होतं. रागात माणसाला हातातलं दिसत नाही, समोरचं तेवढं दिसतं. त्यानं फावडं उगारलं.

साठीची म्हातारी एवढ्या चपळाईनं कशी धावली ते देवाला ठाऊक. अक्कानं मध्ये हात घातला. सुभानाचं डोकं वाचलं, अक्काच्या उजव्या हाताची बोटं फुटली.

पाटाचं पाणी बाजूला फुटून खडकात वाहून गेलं, त्या एका पळाबरोबर पुढची घटकाही गेली. कुशाबानं फावडं टाकलं. अक्कानं पदरानं हात बांधला आणि म्हणाली, "सुभाना, लिंबाजी, धरा मला. मी राजाकडे जाते."

दोन दिवस चालून ती दरबारात पोचली. राजानं हात पाहिला आणि विचारलं, "आजी, कुणी मारलं तुम्हाला?"

"एका पळानं, महाराज. तुमच्या शंभरातल्या शेवटच्या पळानं."

प्रधान हसला. "म्हातारीला साठी लागलेली दिसते."

"लागली की," अक्का म्हणाली. "म्हणूनच आले. महाराज, शंभर बोरं मागवा. आणि राणीसाहेबांना जरा इकडे बसू द्या."

राजाला गंमत वाटली. बोरं आली. राजा, राणी आणि अक्का, तिघांत वाटली. तेहतीस, तेहतीस, तेहतीस. ताटात एक बोर उरलं.

"हे कुणाचं?" अक्कानं विचारलं.

"तुम्ही घ्या, आजी. तुम्ही वडील," राजा म्हणाला.

"घेतलं. आणि उद्याचं?"

"उद्याचंही तुम्हीच घ्या."

"परवाचं? वर्षभराचं?"

राजा उत्तर देणार, तेवढ्यात राणी म्हणाली, "रोज यांनाच का?" बोलली आणि स्वतःच चपापली. राणीच्या महालामागे बोरांची बाग होती बरं, बाग. तरी एका बोरावर तिचा जीव गेला.

प्रधान घाईघाईनं म्हणाला, "उरलेलं सरकारजमा करावं. प्रश्न मिटला."

"बोर जमा कराल, बाळा. पाणी वाहून जातं. आणि भावाभावांतला जिव्हाळा गेला तर तो कुठल्या कोठारात ठेवाल?" अक्कानं तिघांचीही बोरं पुन्हा ताटात ओतली आणि त्यांतली चाळीस बाजूला केली. "आता ही साठ पाहा. दोघे आले, तीस तीस. तिघे आले, वीस वीस. चौघे, पंधरा. पाच जण, बारा. सहा जण, दहा. दहा जण आले तरी सहा, बारा आले तरी पाच, तीस आले तरी दोन. ताटात काही उरत नाही, म्हणून मनातही काही उरत नाही. शंभर मोठा आहे, नाही कोण म्हणतं? पण तिघे दारात आले की तो तोंड फिरवतो. आमचे वाडवडील अडाणी नव्हते, महाराज. त्यांनी मोठा आकडा नाही शोधला, वाटता येणारा शोधला. घटका म्हणजे ते."

राजानं बोरं पुढ्यात ओढली आणि सातांचे वाटे घालून पाहिले. मग त्यानं विचारलं, "आणि सात जण आले तर? साठालाही सातानं भाग जात नाही."

अक्का पहिल्यांदा हसली. "आता कसं शहाण्यासारखं विचारलंत. सातांत साठही हरतो, चार पळं उरतात. म्हणून आमच्याकडे एका घटकेला सातवा वाटेकरी झाला की वाटणीच्या आधीच सगळे मिळून ठरवतात, ही चार पळं गुरांच्या कुंडीला. आकडा जिथवर पोचतो तिथवर आकडा. पुढे माणसानं पोचायचं असतं."

राजानं त्याच बैठकीत हुकूम मागे घेतला. अक्काला पालखीतून गावी पाठवलं, बरोबर वैद्यही दिला. आणि राणीनं निघताना ते उरलेलं बोर स्वतः अक्काच्या ओटीत घातलं.

वैद्यानं पुष्कळ प्रयत्न केले, पण बोटं सरळ झाली नाहीत. जखम भरली, पेरं आखडली ती आखडलीच. अंगठा कुठल्याच पेरावर टेकेना. जुनी वाटी पुन्हा घंगाळात तरंगू लागली, पण अक्काला पळं मोजता येईनात. ती पिंपळाखाली बसून होती, आणि आयुष्यात पहिल्यांदा तिला आपण म्हातारे झाल्यासारखं वाटलं.

एका सकाळी कुशाबा आला. इतके दिवस तो तिच्या समोर आला नव्हता. तो खाली मान घालून तिच्याजवळ बसला, आणि त्यानं आपला उजवा हात तिच्या मांडीवर उताणा ठेवला. फावडं उगारणारा हाच तो हात.

अक्कानं त्या हाताकडे पाहिलं. लहानपणी याच हाताला धरून तिनं त्याला पाटावर फिरवलं होतं. मग तिनं आपला डावा अंगठा त्याच्या करंगळीच्या पहिल्या पेरावर ठेवला आणि सावकाश श्वास घेतला.

बारा पेरं झाली. कुशाबानं आपल्या दुसऱ्या हाताचं एक बोट मिटलं. वीस पळांवर अक्कानं थाळी वाजवली, सुभानानं आपलं दारं बंद करून कुशाबाच्या वाफ्यांचं उघडलं. चाळीसावर त्यानंच पाणी लिंबाजीकडे वळवलं. साठावं पळ आलं, कुशाबाची मूठ पुरी मिटली, आणि त्याच क्षणी वाटी डुबुक करून बुडाली. एक थेंब कुणाचा कमी झाला नाही.

"आत्या," कुशाबा म्हणाला, आणि त्यानं तिची आखडलेली बोटं कपाळाला लावली.

"रोज येत जा," अक्का म्हणाली. "मला हात पाहिजे."

त्या संध्याकाळी घरातून एकाच ठिकाणी धूर निघाला. अक्कानं तो पाटावरून पाहिला आणि त्या दिवशी ती दोन भाकरी जेवली. पुढे ती होती तोवर त्या गावाची घटका कुशाबाच्या पेरांवर मोजली गेली, आणि नव्या सुनांनाही तोच हात दाखवून घटका शिकवली गेली.

ही साठा पळांची कहाणी, बारा पेरांवर सुफळ संपूर्ण.

बोध: मोठं ते नव्हे जे मोजायला जास्त भरतं; मोठं ते, जे वाटलं तरी कुणाच्या मनात काही उरू देत नाही.