गजेंद्रराजांची न संपणारी एकादशी

आंबेखिंडच्या गजेंद्रराजांनी काळ थांबवला, पण थांबवला नेमका एकादशीच्या दिवशी. सगळा घोळ तिथंच झाला!

दुसऱ्या दिवशी, म्हणजे द्वादशीला, राजांना साठ वर्षं पुरी व्हायची होती. आणि 'साठी बुद्धी नाठी' असं लोक म्हणतात, ते राजांनी फार मनाला लावून घेतलेलं. तेवढ्यात कुठल्याशा फिरत्या जादूगारानं त्यांच्या गळ्यात एक पितळी यंत्र मारलं. दिसायला जात्यासारखं, वर दांडा. दांडा पुढं फिरवला की काळ पुढं, मागं फिरवला की मागं, आणि खीळ घातली की काळ जागच्या जागी गप्प! राजांनी खीळ घातली, मिशीला पीळ दिला आणि दवंडी पिटवली, की पुढचा हुकूम होईस्तोवर संस्थानात आज एकादशीच.

दुसऱ्या दिवशी सूर्य उगवला. राजे म्हणाले, "उगवू दे. त्याला सवय लागलीय."

राजहट्टापुढं कोण बोलणार? अख्खं संस्थान उपासाला बसलं. भगर, रताळी, राजगिऱ्याचा लाडू, की पुन्हा भगर. राजेही देवधर्माचे पक्के, एकादशी मोडायची त्यांचीही छाती नव्हती.

पण खरी पंचाईत झाली सारजाची. ही राजवाड्याच्या मुदपाकखान्यात राबणारी पोर. तिचं लग्न द्वादशीचं ठरलेलं. वऱ्हाड आदल्या दिवशीच येऊन जानवशाला उतरलेलं, आणि द्वादशी काही उजाडेना. होणारी सासू रोज सकाळी दारात येऊन विचारायची, की आज तरी उद्या आहे का? शेवटी तिनं वैतागून बजावलं, की पलीकडच्या संस्थानात अजून दिवस बदलतात म्हणे, मी तिथलीच सून करीन. नवरामुलगा बिचारा भगर खाऊन निम्मा झालेला, तरी सारजा दिसली की हसायचा. सारजालाही तो आवडला होता, खोटं कशाला बोला.

मग एके दिवशी, म्हणजे त्याच दिवशी म्हणा, सारजानं ताट वाढलं आणि राजांनी ते बाजूला सारलं.

"सारजे, मला पुरणपोळी पाहिजे. तुपात निथळणारी."

"सरकार, आज एकादशी."

"मला ठाऊक आहे. एकादशी मोडायची नाही, मी साठीचा व्हायचा नाही, आणि ताटात पुरणपोळी आली पाहिजे. जमवलंस तर मागशील ते देईन. नाही जमलं, तर बस इथंच रताळी सोलत जन्मभर!"

शेजारी गादीवर रेललेले दिवाण त्र्यंबकपंत गालात हसले. म्हणाले, "मुदत उद्यापर्यंत."

"उद्या यायचाच नाही, दिवाणजी," सारजा म्हणाली. "मग मला घाई कसली?"

तोंडानं म्हणाली खरी, पण घाई तर तिलाच होती! जानवशात सासूनं बैलगाडी जुंपायला सांगितली होती. सारजा यंत्राजवळ गेली. रोज जात्यावर बसणारी पोर ती, तिनं दांडा असा हलवून बघितला, तसा हलवून बघितला, आणि तिच्या डोक्यात लख्ख उजेड पडला.

"सरकार, हा मागंही फिरतो ना?"

"फिरतो. पण मागं जाऊन करायचंय काय?"

"पुरणपोळी खायची. खीळ काढा आणि दांडा फिरवून थेट गेल्या वर्षीच्या द्वादशीवर नेऊन ठेवा. एकादशी मोडली नाही, ती अजून यायचीय. तुम्ही साठीचे झाला नाहीत, एकोणसाठीचे झालात. आणि वाढदिवसाला पुरण हवंच. डाळ शिजायला टाकू?"

राजे बोटांवर हिशेब करू लागले. चेहरा खुलला, मग पुन्हा पडला. "अगं, पण वर्षानं साठी परत दारात उभी राहील!"

"तेव्हा परत मागं फिरवू, सरकार. दांडा काय झिजतोय?"

त्र्यंबकपंतांना राहवेना. "सरकार, हिचा डाव ओळखा! द्वादशी हवीय ती हिच्या लग्नासाठी. पण काय गं पोरी, गेल्या वर्षी तर तुझं लग्न ठरलंही नव्हतं. मग ते लागणार कसं?"

"खरंच की, दिवाणजी," सारजा पदर सावरत म्हणाली. "आणि गेल्या वर्षी तुम्ही दिवाणही नव्हता. बाहेर ओटीवर कारकून होता. तुम्ही आधी त्या गादीवरून उठा, मग माझ्या लग्नाचं बघू."

पंत अर्धे उठले, परत बसले, परत उठले. राजे असे हसले, असे हसले, की पगडी भगरीच्या ताटात पडली!

मग त्यांनी स्वतःच्या हातानं खीळ उपटली आणि करकर करत दांडा मागं फिरवला. द्वादशीची दवंडी पिटली. सासूनं बैल सोडले. राजांनी सारजाच्या गळ्यात मोत्यांचा कंठा घातला, वरातीला आपला घोडा दिला आणि दरवर्षी काळ मागं फिरवायचं वतन तिच्या घराण्याला लिहून दिलं.

लग्नाच्या पंगतीत राजांनी पोटाला तडस लागेस्तोवर पुरणपोळ्या हाणल्या. दिवाण त्र्यंबकपंत मात्र, कुठं बसावं ते न कळल्यामुळं, उभ्यानंच जेवले!