येसाक्काचं अळणी सारण

खूप खूप जुनी गोष्ट. किती जुनी म्हणाल, तर ज्या डोंगराच्या पायथ्याशी ती घडली, तो डोंगरही तेव्हा म्हणे बुटका होता. खोटं वाटत असेल तर डोंगराला विचारा. लहानांनी मांडी घालून ऐकावं आणि मोठ्यांनी मध्ये बोलू नये, एवढंच माझं मागणं.

त्या डोंगरापाशी एक राज्य होतं आणि राज्यात एक रीत होती. राजाच्या जेवणाला ज्याचा हात लागेल, त्याने त्यात आपल्या हाताने चिमूटभर मीठ टाकायचं आणि मनात म्हणायचं, "महाराज, तुमच्या मिठाला जागतो." ही रीत कुणी घातली, का घातली, कुणालाच ठाऊक नव्हतं. चिमूट न टाकणारा मात्र बेइमान ठरायचा, आणि बेइमानाची रवानगी वेशीबाहेर.

आधी मुदपाकखान्यात, म्हणजे राजाच्या स्वयंपाकघरात, एक रांधणारा आणि एक वाढणारा होता. दोन चिमटी. खपून जायचं. पुढे राज्य वाढलं, तशी माणसं वाढली. भाजी निवडणारी, चिरणारी, रांधणारी, चाखणारा, ताट उचलणारा, पडदा सारणारा आणि वाढणारा. सात हात, सात चिमटी! पडदा सारणाऱ्याचा जेवणाला कसला आलाय हात, असं विचारू नका. त्याला विचारलं असतंत, तर आठवडाभर रुसला असता.

राजा बिचारा लहानपणापासून तेच खात आलेला. खारट कशाला म्हणतात, हेच त्याला माहीत नव्हतं.

पण जिभेला नाही कळलं तरी देहाला कळतं. चाळिशी उलटली तसे राजाचे पाय सुजू लागले. जोडे चढेनात. दहा पावलं चालला की धाप लागायची. वर्षभरात तो पालखीतून उतरायचाच बंद झाला. राजा मनाने भला. रयतेच्या दारात जाऊन चौकशी करणारा. तोच असा खिळून बसल्यावर सगळ्या राज्याचा जीव टांगणीला लागला.

वैद्यबुवांनी नाडी पाहिली, पायाला बोट लावलं. बोटाचा खड्डा तसाच राहिला. ते म्हणाले, "मीठ तोडा. असंच चाललं, तर महाराजांना येती सुगी दिसायची नाही."

सातही जणांनी माना डोलावल्या. सातही जणांच्या डोळ्यांत पाणी आलं. आणि दुसऱ्या दिवशी काय झालं? प्रत्येकाला वाटलं, बाकीचे सहा आहेत की कमी घालायला. मी कशाला बेइमान म्हणवून घेऊ? उलट महाराजांना बरं वाटावं, म्हणून त्या दिवशी सगळ्यांनी चिमूट जरा मोठीच टाकली. घ्या! याला म्हणतात आगीतून फुफाट्यात.

या सातांतली रांधणारी होती येसाक्का. राजाची आई तो दोन वर्षांचा असताना गेली. तेव्हापासून त्याला काऊचा घास, चिऊचा घास करत भरवला तो येसाक्कानेच. त्या दिवशी तिचीही चिमूट पडली होती. राजाने पहिला घास घेतला आणि पायाकडे बघून हसला. "आक्का, हे पाय माझेच आहेत ना गं? की हत्तीचे लावलेत कुणी?" येसाक्काही हसली. पण मागे जाऊन तिने पदर तोंडात धरला. आपल्याच हाताने आपण या लेकराला मारतोय, असं तिला वाटलं, आणि त्यात खोटं काही नव्हतं.

घरी गेल्यावर ती चुलीपुढे बसली आणि विचार करू लागली. मुदपाकखान्यात रांधलेल्या पदार्थाला सात हात लागणारच. मग रांधायचं घरी. आणि मीठ नसेल, तर चव कुठून आणायची?

इथून पुढे नीट ऐका, कारण यात खरी करामत आहे.

तिने ज्वारीच्या भाकरी केल्या. ज्वारीच्या पिठाला मीठ लागत नाही, ते आपलं आपण गोड असतं. भाकरी एक दिवस शिळ्या होऊ दिल्या, त्यांचे तुकडे केले आणि वर पातळ फडकं टाकून ते सुपात उन्हाला ठेवले. दोन उन्हं खाऊन तुकडे असे खडखडीत झाले, की सूप हलवलं की वाजायचे. मग उखळात कांडले. पीठ नाही हं, रवाळ चुरा. पीठ झालं की सारणाचा लगदा होतो आणि लगद्याला राजाही खात नाही, रंकही खात नाही.

चुऱ्यात तिने तिखट घातलं आणि चाखलं. शी! भुसा बरा. शेजारणीने सल्ला दिला, "पापडाचा चुरा घाल की गं, लगेच चव येईल." येसाक्का म्हणाली, "पापडात मीठ असतंच, वर पापडखार. चोराला दारातून घालवायचं आणि खिडकीतून आत घ्यायचं?" आमसुलाकडे हात गेला, तोही तिने मागे घेतला. आमसूल वाळवतात ते मिठाच्या पाण्यात घोळूनच. मीठ कुठे कुठे लपून बसतं, हे तिला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं, आणि चाळीस वर्षं रांधल्यावरही नवं शिकायला ती लाजली नाही. मला तर त्या बाईचं हेच मोठं वाटतं.

मग तिने कैरीच्या फोडी नुसत्याच वाळवून कुटल्या. आंबट आलं की मिठाची आठवण निम्मी होते. कांदा उभा चिरून वाळवला आणि कोरड्या तव्यावर तांबूस होईपर्यंत परतला. तीळ तडतडवले, सुकं खोबरं भाजलं. धने, जिरे, मिरे, वाळल्या लसणाच्या पाकळ्या आणि कढीपत्ता यांची भरड केली. सगळं भाकरीच्या चुऱ्यात मिसळलं आणि शेवटी मीठ टाकलं. किती? अख्ख्या डब्याला एक चिमूट. डबा असा, की महिनाभर पुरावा. येसाक्काने सारण चाखलं, डोळे मिटले आणि आपली आपणच म्हणाली, "जमलं गं बाई!"

आता उरले बाकीचे सहा हात. तिने परसातली कोवळी वांगी घेतली, ताकाच्या निवळीत भिजवलेलं सारण त्यांत दाबून भरलं, ती केळीच्या पानात गुंडाळून निखाऱ्यावर भाजली. ही झाली तिची पानगी. वरून दुसरं कोरडं पान लावून दोऱ्याने गच्च बांधलं. वैद्यबुवांना ही युक्ती कानात सांगितली. त्यांनी फर्मान काढलं, "महाराजांना पथ्य. दोन्ही वेळा येसाक्काच्या घरची पानगी आणि भाकरी. दोन्ही एकाच पानात बांधून. बाकी ताट बंद."

पानगी मुदपाकखान्यात आली. निवडणारीला निवडायला काही नव्हतं, चिरणारीला चिरायला काही नव्हतं. पण चिमूट सोडतील तर ते चाकर कसले! सहाही जणांनी चिमूट टाकली आणि जाड्या मिठाचे खडे वरच्या पानावर बसून राहिले. दोरा सोडायचा तो फक्त राजाने.

पहिल्या दिवशी राजाने तोंड वाकडं केलं. "आक्का, काहीतरी राहिलंय यात."

"चार दिवस खा महाराज, मग बोला."

पाचव्या दिवशी राजाने बोटं चाटली. दहाव्या दिवशी विचारलं, "यात घालतेस तरी काय?"

"शिळी भाकरी," येसाक्का म्हणाली, आणि राजा पोट धरून हसला. हसताना त्याला धाप लागली नाही. ते तिच्या एकटीच्याच ध्यानात आलं.

पंधराव्या दिवशी मुदपाकखान्याचा कारभारी उष्ट्या पानांपाशी थबकला. पान चकाकत होतं. बोट लावून जिभेवर ठेवलं, तर मीठ! सहा जणांचं इमान उकिरड्यावर! त्याने ते पान तसंच उचललं, येसाक्काला पुढे घातलं आणि भर दरबारात उभं केलं.

"महाराज, ही बाई बेइमान आहे. आमचं मीठ हिने तुमच्या पोटात जाऊच दिलं नाही. हिला वेशीबाहेर काढा."

राजाने विचारलं, "आक्का, खरं आहे हे?"

"खरं आहे महाराज. फक्त ते पान एकदा तुमच्या ओंजळीत झाडू द्या."

तिने पान झाडलं. पांढरे खडे राजाच्या ओंजळीत पडत राहिले. तळहात झाकला गेला तरी पडतच होते.

"हे काय आहे?" राजा म्हणाला.

"हे तुमचं एका वेळचं जेवण. माझी चिमूट यात धरलेली नाही."

चाखणारा आपल्या बोटांकडे बघत राहिला. पडदा सारणाऱ्याने हात पाठीमागे नेले.

कारभारी तरी पुटपुटला, "पण खाल्ल्या मिठाला जागायला नको?"

मग मात्र येसाक्का उसळली. कुठे उभी आहे, कुणापुढे उभी आहे, याचं तिला भान राहिलं नाही. "जागतेच आहे की! चाळीस वर्षं जागतेय! याला काऊ-चिऊचे घास भरवले, ते याचे पाय सुजवायला?" आणि राजाकडे वळून रडत म्हणाली, "लेकरा, मिठाला जागले म्हणून तर मीठ घातलं नाही रे! मला काढ वेशीबाहेर. पण सारणाचा डबा नीट जप, आणि सरला की वैद्यबुवांना विचार. मी त्यांना सगळं सांगून ठेवलंय."

राजा उठला. कुणी हात दिला नाही, कुणी पालखी आणली नाही. तो सिंहासनावरून उतरला, अख्खा दरबार ओलांडून चालत कारभाऱ्यापाशी आला, आणि ओंजळीतलं मीठ त्याच्या ओंजळीत ओतलं.

"कारभारी, हे खाऊन टाका."

"महाराज... मरेन मी."

"मी वर्षानुवर्षं दोन्ही वेळा हेच खात आलोय," राजा म्हणाला. "तुमच्या प्रेमाने मी मरत होतो."

मग त्याने वाकून येसाक्काच्या पायांना हात लावला. वर्षभरात त्याला वाकता आलं नव्हतं.

शिक्षा कुणालाच झाली नाही, कारण पाप कुणाच्याच मनात नव्हतं. रीत मात्र बदलली. चाकरांनी आपली चिमूट टाकायची ती गोठ्यातल्या रांजणात, गुरांच्या चाटणासाठी. गुरं धष्टपुष्ट झाली, राजा पुढे पुष्कळ सुग्या जगला, आणि भाकरीच्या चुऱ्याचं सारण त्या राज्यात घरोघरी होऊ लागलं. आजारी माणसाच्या ताटात मीठ टाकण्याआधी तिथे सगळे एकमेकांना विचारू लागले, "कुणी घातलंय का रे आधी?"

तात्पर्य : ज्याचं मीठ खाल्लं, त्याच्या जिवाला जपावं, रीत मोडावी लागली तरी तेच खरं इमान.