शेवटच्या पत्रावळीपासून

तुमच्या पणजीच्या पणजीनंही नुसती ऐकलेली, इतकी जुनी ही गोष्ट. खानदेशात नदीकाठच्या एका गावी चांगुणा नावाची बाई होती. तिच्या हातची वरणबट्टी खाऊन भांडखोर भावकीही एका ताटात जेवायची, असं म्हणतात.

गावचा बंधारा सगळ्यांनी खपून बांधलेला. दरवर्षी गाळ काढायलाही सगळेच. पाणी मात्र आधी वरच्या शेतांना. त्यांची तहान भागून उरलं तर पाटाच्या शेपटाला, आणि उरतंय कसलं! तिथं चांगुणेचं आणि गोरगरिबांचं रान. त्या साली गहू ओंबीवर आला आणि करपायला लागला. आता पाणी नाही मिळालं तर गाव सोडायचं, एवढंच खालच्या माणसांच्या हाती राहिलं. चांगुणा विनवायला गेली, तर वरच्या पहिल्याच शेताचे धनी उखा पाटील म्हणाले, पाणी वरूनच खाली येतं, रीतच आहे ती.

मग बंधाऱ्यावरचा भंडारा आला. रांधणं-वाढणं अर्थातच चांगुणेकडे. लांबच लांब पंगत बसली, वरच्या टोकाला पाटील, शेपटाला खालची माणसं. चांगुणेनं पदर खोचला, बट्ट्यांची पाटी कमरेवर घेतली आणि थेट शेवटची पत्रावळ गाठली. तिथून वाढत निघाली, तीही निवांत, एकेकाला आग्रह करकरून. पाटलांच्या पोटात कावळे कोकलायला लागले. शेवटी न राहवून ते म्हणाले, "अगं चांगुणे, इकडे कधी?"

"उरलं तर येईनच की, पाटील. रीतच आहे ना."

पंगतीच्या माना पाटलांकडे वळल्या. आणि आधी हसले ते पाटीलच, मग हसता हसता ओशाळले. भूक काय असते ते उपाशी बसल्यावरच कळतं, बाबांनो! चांगुणा त्यांच्यापाशी पोचली तरी पाटी भरलेलीच होती, असं म्हणतात. जेवून उठल्यावर पाटलांनी फावडं घेतलं आणि आधी स्वतःच्याच शेतात पाणी घेणारं पाटाचं दार मातीनं बुजवलं. पाणी धावत खाली गेलं. गहू वाचला, कुणाला गाव सोडावं लागलं नाही, आणि वाटेतल्या आटलेल्या विहिरीसुद्धा पाझरल्या, असं म्हणतात.

आजही तिथं पाणी शेवटच्या शेतापासून देतात आणि पंगत शेवटच्या पत्रावळीपासून वाढतात. वरच्या टोकाला पाटलांच्या घरचा माणूस भुकेला बसून असतो. जरा वेळानं, वाढणारी कुणीही असली तरी, तो हाक घालतो, "चांगुणे, खाली पोचलं का?" खालून सगळी पंगत एका सुरात सांगते, "पोचलं!" मगच त्याच्या पानावर पहिली बट्टी पडते.